बोलावणे आले तेव्हा : लेफ्टनंट कर्नल हेमू अधिकारी

विठ्ठलवाडी स्थानकावर उतरून रिक्षात बसले की चालक विचारतो, "कॅम्प कितवा?" आपण चार किंवा पाच असे उत्तर देतो आणि विषय तिथेच संपतो. उल्हासनगरात कापडाची, जीन्सची, फर्निचरची किंवा इलेक्ट्रिक सामानाची दुकाने असलेल्या आपल्या कुटुंबांच्या तोंडी हा शब्द दिवसातून पन्नास वेळा येतो. हा कॅम्प म्हणजे मुळात लष्कराची छावणी होती, हे मात्र आता फारसे कुणाच्या मनात येत नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कल्याणजवळच्या या माळरानावर सैनिकांसाठी ये-जा करण्याचा मोठा तळ उभारला गेला. फाळणीनंतर त्याच बराकींतून सिंधी निर्वासितांना आसरा मिळाला आणि १९४९ मध्ये या वसाहतीचे नाव उल्हासनगर झाले. सैन्य निघून गेले, छावण्यांचे क्रमांक तेवढे राहिले. त्या क्रमांकांवर आज आपल्या पेढ्यांचे पत्ते छापलेले असतात.

हे सर्व आठवण्याचे कारण घडले ते गेल्या चातुर्मासात. व्याख्यान संपवून आम्ही उपाश्रयाच्या पायऱ्या उतरत होतो. आमच्या संघातील एका कापड व्यापाऱ्याने मला बाजूला घेतले. मी बँकेतून निवृत्त झालो असलो तरी कर्ज, व्याज आणि मुलांची करिअर या तीन विषयांवर सल्ला विचारायला लोक अजून येतात. त्यांचा मुलगा बारावीत आहे. शाळेच्या संघाकडून तो क्रिकेट चांगले खेळतो आणि आता त्याने राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीच्या परीक्षेचा हट्ट धरला आहे. वडिलांची अडचण दुहेरी होती. पहिली हिशोबाची. "भाईसाहेब, क्रिकेटमध्ये निदान पैसा तरी दिसतो. सैन्यात जाऊन तेही सुटणार. म्हणजे दोन्ही दुकाने बंद!" दुसरी अडचण त्यांनी आवाज खाली आणून सांगितली. "आणि आपला धर्म? अहिंसा पाळणाऱ्या घरातला मुलगा हातात बंदूक घेणार का?"

मी त्यांना त्या दिवशी नीट उत्तर देऊ शकलो नाही. घरी आल्यावर मात्र एक नाव सारखे मनात घोळत राहिले. ते नाव लेफ्टनंट कर्नल हेमचंद्र रामचंद्र अधिकारी यांचे. सैन्यसेवा आणि क्रिकेट ही दोन्ही दुकाने एकाच माणसाने कशी चालवली आणि त्यात नफा-तोटा कसा झाला, याचा आपल्या महाराष्ट्रातला याहून स्वच्छ जमाखर्च मला माहीत नाही.

प्रथम त्यांच्या नावाविषयी. हेमचंद्र हे नाव ऐकताच आपल्याला कलिकालसर्वज्ञ हेमचंद्राचार्य आठवतात आणि पाटणचा राजा कुमारपाळ डोळ्यांपुढे येतो. अधिकारी आपल्या समाजाचे नव्हते, तेव्हा हा केवळ नामसाधर्म्याचा योग म्हणायचा. पण आणखी एक योग असा की, त्यांच्या रणजी क्रिकेटचा आरंभही गुजरातच्या संघाकडूनच झाला. त्यांचा जन्म ३१ जुलै १९१९ रोजी पुण्यात झाला. १९३६-३७ च्या हंगामात, म्हणजे अवघ्या सतराव्या वर्षी, ते गुजरातकडून खेळले. पुढे ते बडोद्याच्या संघात गेले. विजय हजारे यांच्यासारखा फलंदाज ज्या संघात होता, त्या संघात राहून त्यांची फलंदाजी घडली. आडनाव अधिकारी आणि पेशाही अधिकाऱ्याचा, असा हा माणूस. आम्ही बँकवालेही स्वतःला अधिकारी म्हणवून घेत असू, पण आमच्या अधिकाराची सीमा कॅश काउंटरच्या जाळीपर्यंत!

खेळाडूच्या आयुष्यातली जी वर्षे सोन्याची असतात, ती त्यांच्या बाबतीत महायुद्धाने गिळली. १९३६ नंतर भारताचा पुढचा कसोटी सामना थेट १९४६ मध्ये झाला. दहा वर्षे कसोटी क्रिकेटच बंद. त्यामुळे अधिकारी यांनी पहिला कसोटी सामना खेळला तेव्हा त्यांनी वयाची अठ्ठावीस वर्षे पुरी केली होती. तोही कुठे, तर ऑस्ट्रेलियात, ब्रिस्बेनला, नोव्हेंबर १९४७ मध्ये. देश स्वतंत्र होऊन साडेतीन महिने झाले होते आणि समोर सर डॉन ब्रॅडमन यांचा संघ होता. भारत ती मालिका चार सामन्यांनी हरला. अ‍ॅडलेडच्या सामन्यात हजारे यांनी दोन्ही डावांत शतके काढली, हे सर्वांच्या लक्षात आहे. दुसऱ्या डावातल्या त्या शतकाला ज्यांनी एका बाजूने आधार दिला ते अधिकारी होते. त्यांच्या ५१ धावा फारशा कुणाच्या लक्षात नाहीत. व्यापारात भागीदार दोन असतात आणि पेढीची पाटी एकाच्या नावाने लागते, तसाच हा प्रकार.

त्यांच्या कसोटी कारकिर्दीचे आकडे पाहू. एकूण २१ सामने, ८७२ धावा, सरासरी ३१.१४, एक शतक आणि चार अर्धशतके. प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये मात्र आठ हजारांहून अधिक धावा आणि सरासरी एकेचाळीसच्या वर. या दोन आकड्यांतली तफावत पाहून कुणी म्हणेल की वरच्या पातळीवर ते कमी पडले. मी आयुष्यभर ताळेबंद वाचले आहेत. नुसती शेवटची बेरीज पाहून मत बनवू नये, एवढे मला कळते. त्यांच्या पहिल्या सामन्यापासून शेवटच्या सामन्यापर्यंत, म्हणजे नोव्हेंबर १९४७ ते फेब्रुवारी १९५९ या काळात, भारत ४७ कसोटी सामने खेळला. त्यांतले २१ त्यांच्या वाट्याला आले, २६ आले नाहीत. सैन्यातील नोकरीने त्यांच्या कसोटी कारकिर्दीचा मोठा हिस्सा घेतला, असे क्रिकेटचे जाणकार सांगत आले आहेत. वर्ष-दीड वर्ष सलग खेळायला मिळालेला फलंदाज आणि मधूनमधून बोलावलेला फलंदाज यांची तुलना एकाच तागडीत करता येत नाही.

येथे आमच्या बँकिंग क्षेत्राची एक गोष्ट सांगणे भाग आहे. त्या काळात आणि पुढेही क्रिकेटपटूंचा खरा अन्नदाता म्हणजे बँका, रेल्वे आणि मोठ्या कंपन्या. अजित वाडेकर हे स्टेट बँकेचे अधिकारी होते, हे पुष्कळांना ठाऊक आहे. बँकेतला खेळाडू सकाळी हजेरी लावून दुपारी सरावाला जाई. मागे राहिलेले त्याचे व्हाउचर आम्ही इतर लोक पुरे करीत असू. त्याबद्दल कुणी कुरकुर केली तरी ती चहापुरती असे. सैन्याचे तसे नाही. तिथे खेळाला मान आहे, सेनादलाचा स्वतंत्र संघ १९४९-५० पासून रणजी स्पर्धेत उतरतो, पण हुकूम आला की बॅट ठेवून निघावे लागते. तुकडीचे व्हाउचर दुसऱ्याने भरायचे नसते.

याच सेनादलाच्या संघाचे नेतृत्व अधिकारी यांनी केले आणि माझ्या मते त्यांच्या खेळातील सर्वांत मोठे काम तेच होय. मुंबई, होळकर, बडोदा यांच्यासारखे बलाढ्य संघ एकीकडे आणि निरनिराळ्या छावण्यांतून गोळा केलेले जवान व अधिकारी दुसरीकडे. तरीही १९५६-५७ आणि १९५७-५८ अशी लागोपाठ दोन वर्षे सेनादल रणजी करंडकाच्या अंतिम सामन्यात पोहोचले. पहिल्या वर्षी मुंबईने त्यांना हरवले, दुसऱ्या वर्षी बडोद्याने. पुण्याचेच चंद्रशेखर गडकरी, वेगवान गोलंदाज सुरेंद्रनाथ, अपूर्व सेनगुप्ता हे कसोटीपटू सेनादलाच्याच क्रिकेटमधून पुढे आले. मोठी नावे नसलेला संघ नुसत्या शिस्तीवर, क्षेत्ररक्षणावर आणि अंगमेहनतीवर कुठवर जाऊ शकतो, याचा अनुभव त्यांनी तिथे घेतला. तो अनुभव पुढे दीड दशकाने भारताच्या कामी आला. ती हकीकत पुढे येईलच.

अधिकारी स्वतः कव्हरच्या जागी उत्कृष्ट क्षेत्ररक्षण करीत. त्या काळात आपल्याकडे क्षेत्ररक्षण म्हणजे फलंदाजी आणि गोलंदाजी यांच्यामध्ये नाइलाजाने करायचे काम समजले जाई. चेंडूमागे धावणे, खाली वाकणे, अंगाला माती लागणे हे नामवंत मंडळींना कमीपणाचे वाटे. सैन्यातल्या माणसाला माती लागण्याची लाज कुठून असणार?

आता दिल्लीविषयी. त्यांच्या कसोटी आयुष्यातले तीन मोठे प्रसंग दिल्लीच्याच फिरोजशाह कोटला मैदानावर घडले. नोव्हेंबर १९४८ मध्ये वेस्ट इंडीजने तिथे ६३१ धावांचा डोंगर उभा केला. त्यांच्या चार फलंदाजांनी शतके काढली. भारताच्या ४५४ धावांत अधिकारी नाबाद ११४ होते. त्यांचे हे एकमेव कसोटी शतक. फॉलोऑन मिळूनही भारताने तो सामना वाचवला.

ऑक्टोबर १९५२ मध्ये त्याच मैदानावर भारत आणि पाकिस्तान पहिल्यांदाच कसोटीत समोरासमोर आले. फाळणी होऊन पाच वर्षे झाली होती. ज्या माणसांच्या घरात त्या फाळणीने आग लावली त्यांची वस्ती आपल्या शेजारच्याच कॅम्पमध्ये बराकींतून राहात होती. कोटल्यावरच्या त्या सामन्याकडे त्यांनी कोणत्या मनाने पाहिले असेल, हा विचार कधीकधी माझ्या मनात येतो. भारताचे नऊ गडी २६३ धावांवर बाद झाले होते. शेवटच्या गड्यासाठी गुलाम अहमद मैदानात आले. ते फिरकी गोलंदाज, त्यांच्याकडून धावांची अपेक्षा कुणाला असणार? या जोडीने १०९ धावांची भागीदारी केली. गुलाम अहमद यांनी ५० धावा केल्या आणि अधिकारी ८१ धावांवर नाबाद राहिले. भारताचा डाव ३७२ वर संपला. विनू मंकड यांनी दोन्ही डावांत मिळून तेरा बळी घेतले आणि भारताने एक डाव ७० धावांनी विजय मिळवला. शेवटच्या गड्याच्या भागीदारीचा तो भारतीय विक्रम २००४ च्या डिसेंबरात सचिन तेंडुलकर आणि झहीर खान यांनी ढाक्यात मोडला. म्हणजे तो बावन्न वर्षे टिकला आणि अधिकारी हयात असेपर्यंत अबाधित होता.

शतकात आणि या ८१ धावांत मला एक साम्य दिसते. दोन्ही वेळा ते नाबाद आहेत आणि दोन्ही वेळा संघ अडचणीत आहे. पुढे जाऊन चमकण्यापेक्षा मागे राहून पडझड थांबवायची, ही पिछाडी सांभाळणाऱ्याची वृत्ती.

तिसरा प्रसंग फेब्रुवारी १९५९ चा. हा लेख खरे तर त्या एका सामन्यासाठीच लिहावासा वाटला.

त्या हंगामात वेस्ट इंडीजचा संघ भारतात आला होता. वेस्ली हॉल आणि रॉय गिलख्रिस्ट या दोन वेगवान गोलंदाजांनी आपल्या फलंदाजांची दाणादाण उडवली होती. आजच्यासारखी शिरस्त्राणे तेव्हा नव्हती. मैदानावर ही अवस्था आणि मैदानाबाहेर त्याहून वाईट. मुंबईच्या पहिल्या कसोटीत पॉली उम्रीगर कर्णधार होते. कानपूर आणि कोलकात्याला गुलाम अहमद. कोलकात्याचा सामना एक डाव आणि ३३६ धावांनी गमावल्यावर त्यांनी निवृत्ती जाहीर केली. चेन्नईसाठी, म्हणजे तेव्हाच्या मद्रासच्या सामन्यासाठी, पुन्हा उम्रीगर यांना नेमले, तर संघनिवडीवरून मंडळाशी मतभेद होऊन त्यांनी सामन्याच्या आदल्या रात्री कर्णधारपद सोडले. विनू मंकड यांनी तो सामना कसाबसा निभावला आणि भारत २९५ धावांनी हरला. चार सामने आणि तीन कर्णधार. एखाद्या पेढीत चार महिन्यांत तीन मुनीम बदलले तर बाजारात काय बोलले जाईल, ते आपल्याला सांगायला नको.

अशा वेळी पाचव्या सामन्यासाठी चौथा कर्णधार शोधायचा होता. मालिका हातची गेलेली, संघात धुसफूस, वर्तमानपत्रांतून टीका आणि समोर हॉल-गिलख्रिस्ट. मानाची जागा होती खरी, पण बुडत्या पेढीचे भागीदारपत्र कोण आनंदाने सही करून घेईल? सैन्यसेवेत असलेल्या एकोणचाळीस वर्षांच्या अधिकारी यांना बोलावणे गेले. त्या मालिकेतल्या आधीच्या चार सामन्यांत ते नव्हते. नकार द्यायला त्यांच्याजवळ वय, नोकरी आणि परिस्थिती अशी तीन सबळ कारणे होती.

ते आले. भारताने प्रथम फलंदाजी करून ४१५ धावा केल्या. पुण्याच्या चंदू बोर्डे यांनी १०९, नरी काँट्रॅक्टर यांनी ९२, उम्रीगर यांनी ७६ आणि कर्णधाराने ६३. ज्या उम्रीगरांनी नुकतेच कर्णधारपद सोडले होते, ते नव्या कर्णधाराच्या हाताखाली खेळून ७६ धावा करतात, ही गोष्टही नोंद घेण्याजोगी आहे. वेस्ट इंडीजने आठ बाद ६४४ वर डाव घोषित केला. त्या लांबलचक डावात मुंबईच्या रमाकांत देसाई या चणीने लहान पण जिद्दीने मोठ्या गोलंदाजाने कसोटी पदार्पणातच चार बळी घेतले. आणि कर्णधाराने स्वतः चेंडू हाती घेतला. लेगब्रेक टाकत त्यांनी ६८ धावांत तीन बळी मिळवले. अकरा वर्षांच्या कसोटी आयुष्यातले त्यांचे हे एकूण तीनच बळी, आणि ते तिन्ही या शेवटच्या सामन्यातले! दुसऱ्या डावात २२९ धावांची पिछाडी असताना बोर्डे यांनी ९६ धावा केल्या. दुसऱ्या शतकाला चार धावा कमी असताना ते गिलख्रिस्टला खेळताना स्वयंचित झाले. अधिकारी यांनी ४० धावा केल्या. भारताने २७५ पर्यंत मजल मारून सामना अनिर्णित राखला.

तीन पराभवांनंतरचा एक अनिर्णित सामना. विजय नव्हे. दिवाळीअंकात लिहिण्याजोगा पराक्रमही नव्हे. पण नऊ-दहा आठवडे जी गळती चालू होती ती त्या पाच दिवसांत थांबली. त्यानंतर अधिकारी पुन्हा कसोटी खेळले नाहीत. इंग्लंड दौऱ्याचे कर्णधारपद दत्ताजीराव गायकवाड यांच्याकडे गेले. गंमत अशी की वर्षभरापूर्वी रणजीच्या अंतिम सामन्यात सेनादलाला हरवणाऱ्या बडोद्याचे कर्णधार हेच गायकवाड आणि दिल्लीच्या सामन्यात ते अधिकारी यांच्या हाताखाली खेळून दुसऱ्या डावात अर्धशतक काढून गेले होते. एका सामन्याचे कर्णधारपद भोगून अधिकारी यांनी गाशा गुंडाळला. काम नेमून दिले होते, ते पार पाडले, अहवाल सादर झाला. सैन्याच्या भाषेत बहुधा एवढेच म्हणत असावेत.

कुणी म्हणेल की यात त्यांना मिळाले काय? आमच्या संघातल्या त्या व्यापारी बंधूंचा प्रश्नही हाच होता. तर हिशोबाच्या दृष्टीने त्या वेळी काहीच मिळाले नाही. परतफेड आली ती बारा वर्षांनी.

१९७१ मध्ये अजित वाडेकर यांच्या नेतृत्वाखाली भारतीय संघ इंग्लंडला गेला, तेव्हा व्यवस्थापक म्हणून कर्नल अधिकारी यांची नियुक्ती झाली. तोवर इंग्लंडमध्ये भारताने एकही कसोटी जिंकली नव्हती. फिरकीची ताकद होती, सुनील गावसकर यांच्यासारखा नवा सलामीवीर होता, पण फिरकी गोलंदाजाला बळी मिळतो तो बहुतेक वेळा जवळच्या क्षेत्ररक्षकाच्या हातांमुळे. अधिकारी यांनी व्यायामावर, धावण्यावर आणि झेलांच्या सरावावर भर दिला. सेनादलाच्या संघात जे केले तेच इथे केले. लॉर्ड्स आणि मँचेस्टरचे सामने अनिर्णित राहिले. ओव्हलच्या तिसऱ्या सामन्यात चंद्रशेखर यांनी ३८ धावांत सहा बळी घेऊन इंग्लंडला १०१ धावांत गुंडाळले. पण अ‍ॅलन नॉट यांचा जो झेल एकनाथ सोलकर यांनी फलंदाजाच्या पुढ्यात झेपावून घेतला, त्याचे छायाचित्र अजून लोकांच्या घरी सापडते. सोलकर हे मुंबईच्या हिंदू जिमखान्याच्या मैदानाची देखभाल करणाऱ्या माळ्याचे चिरंजीव. मातीशी त्यांचे नाते जन्मापासूनचे. अशा खेळाडूंना मातीत लोळायला सांगणारा व्यवस्थापक मिळाला होता.

तो विजयाचा दिवस २४ ऑगस्ट १९७१, भाद्रपद शुद्ध चतुर्थी. साऱ्या महाराष्ट्रात गणपती बसले होते. ओव्हलवर प्रेक्षकांनी बेला नावाची हत्तीणही आणली होती. आपल्यापैकी अनेकांकडे तोच संवत्सरीचा दिवस. मी तेव्हा शाळकरी होतो. कल्याणात वडिलांबरोबर संवत्सरी प्रतिक्रमणाला बसलो होतो आणि खरे सांगायचे तर माझे अर्धे लक्ष सूत्रांत नव्हते. बाहेर पडलो तेव्हा दिवे लागलेले होते. कोपऱ्यावरच्या पानाच्या दुकानात रेडिओभोवती माणसे दाटली होती. भारत चार गडी राखून जिंकल्याचे तिथे कळले. वडील सर्वांना हात जोडून मिच्छामि दुक्कडम् म्हणत पुढे चालले होते आणि मी मागे रेंगाळून आबिद अलीच्या विजयी फटक्याची हकीकत ऐकत होतो. त्या रात्री घरी बोलणी खाल्ली. व्यवस्थापकाचे नाव त्या गर्दीत कुणी घेतले असेल असे वाटत नाही. मला ते कितीतरी वर्षांनी कळले.

हिशोब पुरा द्यायचा तर नावे बाजूही मांडली पाहिजे. १९७४ च्या इंग्लंड दौऱ्यावर व्यवस्थापक पुन्हा अधिकारीच होते. लॉर्ड्सवर भारताचा दुसरा डाव ४२ धावांत आटोपला आणि मालिकेतले तिन्ही सामने भारत हरला. मैदानाबाहेरही त्या दौऱ्यात अप्रिय प्रसंग घडले. १९७१ चे श्रेय शिस्तीला द्यायचे आणि १९७४ चे खापर हवामानावर फोडायचे, हे मला मान्य नाही. शिस्त हे भांडवल आहे. एका हंगामात त्यावर नफा होतो म्हणून दुसऱ्या हंगामात तोटा होणारच नाही, अशी हमी कोणती बँक देईल? संघ तसा नसेल, मने एकत्र नसतील, तर तेच कडक वळण जाचक वाटू लागते. त्या दौऱ्यात असे काहीसे झाले असावे.

पुढे त्यांनी तरुण खेळाडूंची शिबिरे घेतली. कपिल देव आणि रवी शास्त्री यांच्या पिढीतील मुले त्यांच्या हाताखालून गेली. येथे एक विरोधाभास नोंदवतो. २००८ मध्ये कपिल देव यांना आणि २०११ मध्ये महेंद्रसिंह धोनी यांना प्रादेशिक सेनेत लेफ्टनंट कर्नल हा मानद हुद्दा मिळाला. क्रिकेटने त्यांना तो सन्मान दिला आणि ते त्याला पात्रही आहेत. अधिकारी यांनी हाच हुद्दा आधी नोकरी करून, बदल्या सोसून, सामने गमावून मिळवला होता. आमच्या लहानपणी कर्नल सी. के. नायडू हे नाव वडीलधाऱ्यांच्या तोंडी असे. तो हुद्दा होळकर संस्थानच्या फौजेतला, राजाने गुणी खेळाडूला दिलेला. संस्थानी काळ आणि मानद हुद्द्यांचा काळ या दोहोंच्या मध्ये प्रजासत्ताकाच्या सैन्यात प्रत्यक्ष चाकरी करून देशाचे कर्णधारपद भूषवणारा हा एक माणूस उभा आहे.

आता त्या दुसऱ्या, हळू आवाजात विचारलेल्या प्रश्नाविषयी. मी पंडित नाही, पण गुरुमहाराजांच्या व्याख्यानांतून जे ऐकले ते सांगतो. आपल्या शास्त्रकारांनी हिंसेचे चार प्रकार सांगितले आहेत : संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी. मारण्याच्या हेतूने केलेली संकल्पी हिंसा श्रावकाने सर्वथा टाळायची. घरकामातली आरंभी आणि धंद्यातली उद्योगी हिंसा गृहस्थाला पूर्ण चुकत नाही, ती जपून कमी करायची. स्वतःचे, आश्रिताचे, देशाचे रक्षण करताना घडते ती विरोधी. साधूला तीही वर्ज्य, गृहस्थाला मात्र तिची पूर्ण बंदी नाही. श्रवणबेळगोळच्या भगवान बाहुबलींच्या ज्या मूर्तीपुढे आपण मस्तक टेकतो, ती दहाव्या शतकाच्या अखेरीस करवून घेणारा चामुंडराय गंग राजांचा सेनापती होता. त्याच मूर्तीच्या पायाशी त्याच्या नावाने कोरलेली ओळ मराठीच्या सर्वांत जुन्या शिलालेखांत गणली जाते. म्हणजे आपण ज्या भाषेत हा लेख वाचतो आहोत, तिच्या आरंभीच्या नोंदींत एका जैन सेनापतीचे नाव आहे. आबूची मंदिरे बांधणारे वस्तुपाल-तेजपाल हे मंत्रीही होते, व्यापारी घराण्यातलेही होते आणि प्रसंगी रणांगणावरही गेले होते.

हे सारे मी त्या बंधूंना नंतर सांगितले. जोडीला व्यवहाराच्या चार गोष्टीही सांगितल्या. प्रबोधिनीची परीक्षा लोकसेवा आयोग वर्षातून दोनदा घेतो. वयाची अट साडेसोळा ते साडेएकोणीस. लेखी परीक्षेनंतर निवड मंडळाची काही दिवसांची मुलाखत असते आणि बरीच मुले तिथेच गळतात. दहावीनंतरच तयारी करायची असेल तर छत्रपती संभाजीनगरला राज्य शासनाची सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था १९७७ पासून आहे. यांच्या मुलासाठी ती वेळ निघून गेली, पण धाकट्या भावासाठी विचार करता येईल. क्रिकेट सुटेलच असे नाही, सेनादलाचा संघ आजही रणजी खेळतो. पण मुलाने क्रिकेटसाठी सैन्यात जाऊ नये, एवढे मी बजावले. अधिकारी यांच्या आयुष्यात क्रम कोणता होता, ते २१ आणि २६ हे दोन आकडे सांगतात.

अधिकारी यांचे निधन २५ ऑक्टोबर २००३ रोजी मुंबईत झाले. ती आश्विन अमावास्या होती. आपल्या घरोघरी भगवान महावीरांच्या निर्वाण कल्याणकाचे लाडू चढत होते आणि दिवाळीची धामधूम चालू होती. मी त्या दिवशी शाखेत नव्हतो, दिवाळीची सुटी होती. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी वर्तमानपत्र उघडले तेव्हा बातमी वाचली आणि पानाच्या दुकानासमोरची ती गर्दी आठवली.

मुलाने अर्ज भरला आहे. पहाटे विठ्ठलवाडीहून तो धावायला निघतो आणि माझ्या सकाळच्या फेरीच्या वेळी घामाघूम होऊन परत येताना भेटतो. वडिलांचा विरोध पुष्कळ मावळला आहे. परवा मात्र त्यांनी मला पुन्हा थांबवले. या वेळी प्रश्न अहिंसेचा नव्हता, पगाराचाही नव्हता. "भाईसाहेब, शाकाहारी जेवण मिळते म्हणतात, ते ठीक. पण आमच्या घरात चौविहार आहे. तिथे सूर्यास्ताच्या आत जेवायला सोडतील का?"

मी चौकशी करून सांगतो म्हणालो आहे.